आता ते काम कोण करतं?

जयपूरला आम्ही भाड्याचं घर शोधत होतो, तेव्हा घरमालकांनी आम्हाला नाना प्रश्न विचारले. मांस-मच्छी खाता का, पाहुणे किती येतात, मूल कधी होणार. जवाहर नगरातल्या या एका घरमालकांनी मात्र यातलं काहीच विचारलं नाही. दारात उभं राहून त्यांनी माझ्या नवऱ्याला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं आणि हात पुढे केला. नवऱ्याला वाटलं, हात मिळवायचा आहे. तो मिळवायला गेला, तर हात तसाच उताणा.

"लायसन," ते म्हणाले.

नवऱ्यानं गडबडून आधार कार्ड काढलं. "हे न्हवं. गाडी चालवायचं." मग ते लायसन त्यांनी हातभर लांब धरून वाचलं, उलटून वाचलं आणि परत दिलं. "बावीस दिवसांनी संपतंय. नवं करून आणा. मग किल्ली देतो."

परमुलखात भेटलेला पहिला मराठी माणूस, आणि त्याची ही तऱ्हा! मी फणकारून जिना उतरायला लागले. पण मागून एक बाई हसत हसत आल्या, मला हाताला धरून आत नेलं आणि चहा ठेवला. "मनावर घेऊ नकोस गं," काकू म्हणाल्या. "उद्या यांना देव भेटला ना, तरी आधी गरुडाचे कागद विचारतील."

काका मूळचे साताऱ्याकडचे. फौजेत कारकून म्हणून लागले, सुभेदार म्हणून जयपूरलाच निवृत्त झाले आणि परत गेलेच नाहीत. कायद्याची पदवी त्यांनी नोकरीत असतानाच कधीतरी घेतली होती. निवृत्तीनंतर काळा कोट चढवला आणि मोटार अपघात दाव्यांच्या न्यायाधिकरणात उभे राहिले. तेही फक्त एका बाजूनं. अपघातात ज्यांचं माणूस गेलं त्यांच्या. कोर्टात सगळे त्यांना सूबेदारजी म्हणत. मी नाशिकहून वकिलीची सनद घेऊन आले होते आणि ती ट्रंकेत पडून होती. दोन महिन्यांत मी वरच्या मजल्यावरून खालच्या मजल्यावर त्यांची ज्युनियर म्हणून रुजू झाले. रोजचा प्रवास एकवीस पायऱ्यांचा. काकांना तो फार पसंत होता, कारण त्यात रस्ता लागत नाही.

रस्त्यांवर त्यांचा काडीचा विश्वास नव्हता. हेल्मेट घरातूनच घालून निघायचे. स्कूटर चालवताना सगळेच घालतात, किंवा निदान चौकापुरतं तरी घालतात, पण काका ते ऑटोरिक्षात बसूनही घालत. एकदा एक रिक्षावाला बिचारा दुखावला. "बाबूजी, मुझ पर भरोसा नहीं है क्या?"

"तुझ पर है, भैया," काका काचेमागून म्हणाले. "बाकी जयपुर पर नहीं."

त्यांची स्कूटर इतकी हळू चाले की शेजारून सायकली पुढे जात. लग्नाला गेले की वराला आहेर देताना त्याच्या कानात विचारायचे, "लायसन कधी संपतंय?" दवाखान्यात डॉक्टर त्यांचा रक्तदाब मोजत होते, त्यांनाही विचारलं. आणि गंमत म्हणजे डॉक्टरांचं संपलेलं निघालं. त्या दिवशी काका कितीतरी वेळ खुशीत होते. मला आधी हे सारं विक्षिप्तपणाचं वाटे. मग काम शिकत गेले तसं कळलं. चालवणाऱ्याचं लायसन संपलेलं असेल तर विमा कंपनी हात वर करते. बहुतेक वेळा न्यायाधिकरण कंपनीला सांगतं, आधी तुम्ही मेलेल्याच्या घरच्यांना भरपाई द्या, मग गाडीमालकाकडून वसूल करा. म्हणजे एक घर अपघातानं बसतं आणि दुसरं वसुलीनं. "अर्धा तास लागतो लायसन करायला," काका म्हणायचे. "अर्ध्या तासाच्या आळसापायी माणूस जन्मभर फेडत बसतो."

त्यांच्या ऑफिसात, म्हणजे खालच्या हॉलमध्ये, एक नियम होता. 'मयत' किंवा 'मृतक' हा शब्द तोंडातून काढायचा नाही. कोर्टाच्या कागदावर लिहावा लागतो तेवढा लिहायचा. एरवी त्या माणसाचं नाव घ्यायचं, जी लावून. फायलींवरही दाव्याचा नंबर छोटा आणि नाव मोठं. त्यामुळे आमचं बोलणं बाहेरच्यानं ऐकलं तर तो चक्रावून जाई. "साडेदहाला रामस्वरूपजी आहेत, जेवणानंतर विमलाजी." माझा नवरा एकदा दुपारी घरी आला होता. मी फोनवर म्हणाले, "विमलाजींना पुढची तारीख मिळाली, त्यांची काही तक्रार नाही." तो कौतुकानं म्हणाला, "किती समजूतदार बाई आहेत!" विमलाजींना जाऊन तेव्हा दोन वर्षं झाली होती.

मी एकदा त्यांना विचारलं, एवढं नावाचं काय हो काका? तेव्हा कुंडीतल्या तुळशीला पाणी घालत होते. हातातला तांब्या तसाच धरून म्हणाले, "फौजेत मी एकच पत्र टाइप केलं गं, पंचवीस वर्षं. पोरगा गेल्याचं. मजकूर तोच. वरती नाव बदलायचं आन् गाव बदलायचं. एकदा घाईत गाव बदलायचं राहिलं. पत्र बरोबर ठिकाणी गेलं, पण आत गाव दुसऱ्याचं." मग त्यांनी उरलेलं पाणी कुंडीत ओतलं. मी पुन्हा विचारलं नाही.

अपघाताची जागा बघायला ते स्वतः जात. फोटो, नकाशा, पोलिसांचा पंचनामा, सगळं असलं तरी. ज्या वेळी अपघात झाला त्याच वेळी तिथं पोचायचं, स्टीलच्या टेपनं रस्ता मोजायचा आणि मग जवळच्या टपरीवर चहा प्यायचा. एक नव्हे, दोन. "जागेला सगळं ठाऊक असतं," ते म्हणायचे, "पण ती चहाबिगर बोलत न्हाई."

आणि घरच्यांना ते कधीही 'गेलेला माणूस काय करत होता' असं विचारत नसत. बाकीचे वकील पहिला प्रश्न तोच विचारतात, कारण सगळा हिशेब त्यावरच उभा असतो. माणूस कमवत किती होता, वय किती, त्याला पुढे किती वर्षं कमवता आली असती. काका म्हणत, घरच्यांना हे विचारलं की ते एकतर फुगवून सांगतात, नाहीतर रडतात, नाहीतर म्हणतात, काही नाही हो, साधाच होता. ते वेगळं विचारायचे. "अब वो काम कौन करता है?" तो करायचा ते काम आता कोण करतं? या प्रश्नाला कुणी फुगवून उत्तर देत नाही. बाप गेलेला एक कॉलेजचा मुलगा या प्रश्नावर म्हणाला, "गॅस का सिलेंडर मैं बदलता हूँ. मुझे आता नहीं था." काकांनी तेवढंच वहीत लिहून घेतलं. ते कोर्टात काही कामाचं नव्हतं.

आता संतोषजींबद्दल सांगते. संतोष हे बाईचंही नाव असतं हे मला जयपुरात आल्यावर कळलं.

संतोषजी चौमूंजवळच्या एका गावातल्या. नवरा इकडे शहराच्या दुसऱ्या टोकाला, सीतापुऱ्यात, कपड्यांच्या कारखान्यात इस्त्रीवर. तिथंच चौघांत एक खोली घेऊन राहायचा, रविवारी घरी जायचा. गावात संतोषजी, सासू, अकरा वर्षांची ममता आणि पाच वर्षांचा धाकटा. एका दुपारी संतोषजी सीकर रोडवर बसची वाट बघत कडेला उभ्या होत्या. भाजीचा पिकअप रस्ता सोडून खाली आला. पिकअप चालवणारा आणि त्याचा मालक एकच, आणि त्याचं लायसन संपून आठ महिने झाले होते.

हे लोक आमच्याकडे आले ते पोलिसांत जबाब देऊन झाल्यावर. जबाब सासूचा होता. त्यात दोन वाक्यं होती, जी मला आजही पाठ आहेत. 'बहू दवा लेने चौमूं गई थी. वह घर पर ही रहती थी, कुछ नहीं करती थी.'

पुढच्याच आठवड्यात आम्ही जागेवर गेलो. काकांनी टेप लावली, मी टोक धरलं. मग टपरीवर चहा. दुसऱ्या चहाला टपरीवाला आपणहून बोलायला लागला. "ओढणियाँ थीं बाबूजी, गठरी में. बीस-पचीस. सब बिखर गईं. दो दिन तक सड़क चमकती रही."

काका उठले आणि रस्त्याच्या कडेला, खडीत, उकिडवे बसले. बराच वेळ. मग दोन बोटांत काहीतरी धरून आले. बोटभर लांबीची सोनेरी पट्टी, मळलेली. गोटा. इकडे ओढणीच्या काठाला तो लावतात. गावोगाव बायका घरी बसून नगावर ते काम करतात, एका ओढणीला इतके. ठेकेदार माल देतो, बायका तयार करून पोचवतात. लिहिलेलं कुठंच काही नसतं.

मला एका क्षणात सगळं लख्ख दिसलं. बाई औषधाला गेली नव्हती. तयार माल पोचवायला निघाली होती. ती कमवत होती! आणि सासूनं लिहून दिलं होतं, काही करत नव्हती. का, तर त्यांच्या घराण्यात सुनेनं दुसऱ्याचं पैशांचं काम करणं म्हणजे घरात पुरुष कमी पडला असं जगाला सांगणं. संतोषजींनी ओढण्या आतल्या खोलीत दार लावून केल्या, आणि त्या गेल्यावर सासूनं तेच दार लावून घेतलं.

परतताना मी स्कूटरवर मागे बसून बोलतच होते. टपरीवाल्याला साक्षीला बोलवू. ठेकेदाराला शोधू. हा गोटा पुरावा म्हणून दाखल करू. नुसत्या गृहिणीच्या कामालाही कायदा किंमत धरतो, पण हात आखडून धरतो. कारागीर म्हटलं तर हिशेब केवढा बदलेल! काका पंचवीसच्या वेगानं चालवत होते आणि हूं की चूं करत नव्हते. घरी पोचल्यावर हेल्मेट काढून खिळ्याला लावलं आणि म्हणाले, "म्हातारीला खोटी पाडायची न्हाई."

"पण ती खोटंच बोलली आहे!"

"व्हय. घराच्या आन् सुनेच्या अब्रूपायी बोललीय. तिच्या तोंडून येत असंल तर येऊ दे. न्हाईतर राहू दे."

"आणि ममता? तिनं काय करायचं?" माझा आवाज चढला. काकू स्वयंपाकघरातून डोकावल्या. "तुमचं हे तत्त्व तिच्या पोटाला घालायचं का?"

काका रागावले नाहीत. रागावले असते तर बरं झालं असतं. त्यांनी शर्टाच्या खिशातून ती पट्टी काढली, रुमालानं पुसली आणि संतोषजींच्या फायलीत पहिल्या पानाला टाचणीनं लावली. कोर्टात न दाखवायच्या पानाला. "आपण त्या घरात पैसा घालणार, पोरी," ते म्हणाले. "सासूला कोर्टात उघडी करून घातलेला पैसा त्या घरात सुखानं शिजायचा न्हाई." मी दोन दिवस त्यांच्याशी कामापुरतं बोलले. खरं सांगते, मला अजूनही वाटतं की माझं म्हणणं चूक नव्हतं. वकिलानं अशी जोखीम घेऊ नये. ते हरले असते तर मी त्यांना माफ केलं नसतं.

म्हातारीला ते तीनदा भेटले. गावी जाऊन, ओसरीवर बसून, हेल्मेट मांडीवर ठेवून. तिच्याशी पावसाचं बोलले, म्हशीचं बोलले. गोट्याचा ग काढला नाही. मी तिन्ही वेळा सोबत होते आणि तिन्ही वेळा जीभ चावून बसले. ममता आम्हाला चहा आणून द्यायची. कपबशी धरण्याची तिची पद्धत मोठ्या बाईसारखी झाली होती. मी विचारलं, आज शाळा नाही का? ती आजीकडे बघून म्हणाली, "आज छुट्टी है." तिन्ही वेळा तिला सुट्टीच होती.

मग साक्षीचा दिवस आला.

म्हातारी साक्षीच्या जागी उभी राहिली. डोक्यावरून पदर इतका पुढे की जज मॅडमना तिचा चेहरा दिसत नव्हता. त्यांनी तो थोडा मागे घ्यायला सांगितला. ममता मागच्या बाकावर धाकट्याला मांडीवर घेऊन बसली होती. विमा कंपनीचे वकील उभे राहिले. माणूस वाईट नव्हता, त्याचं काम करत होता. पोलिसांचा जबाब वाचून दाखवला आणि विचारलं, बहू काही कमवत नव्हती, हे बरोबर?

"कुछ कोनी करै छी, साब," म्हातारी म्हणाली. काही करत नव्हती. "घर में ही रहै छी."

"मतलब कमाई कुछ नहीं?"

"कुछ कोनी."

वकील समाधानानं खाली बसले. काका उठले. त्यांनी एकच प्रश्न विचारायची परवानगी मागितली. फायलीला हातसुद्धा लावला नाही.

"माँजी," ते म्हणाले, "जो संतोषजी करती थीं, अब वो कौन करता है?"

"कांई?"

"सुबह का चूल्हा?"

"छोरी करै छै."

"पानी कौन लाता है?"

"छोरी."

"छोटे को नहलाना, खिलाना?"

"छोरी." प्रत्येक वेळी आवाज थोडा खाली जात होता.

"भैंस?"

"भैंस मैं देखूँ. कदे-कदे छोरी."

काका थांबले. एकच प्रश्न म्हणून पाच विचारून झाले होते, पण कंपनीच्या वकिलांनी हरकत घेतली नाही. मॅडमनी लिहिता लिहिता मान वर केली आणि स्वतःच विचारलं, "तो छोरी स्कूल कब जाती है?"

म्हातारीनं मागे वळून ममताकडे पाहिलं. धाकटा तिच्या खांद्यावर झोपला होता. म्हातारीचा चेहरा कसानुसा झाला. एखाद्यानं आपल्यावर घाला घातला की माणूस जसा हात पुढे करतो तसा तिनं हात पुढे केला आणि मॅडमना घाईघाईनं म्हणाली,

"गोटा कोनी करने दूँ, साब! बाकी सब करै छै, पण गोटा मैं ईंनै हाथ कोनी लगाने दूँ. आँख जावै छै. ईंकी माँ की चली गई छी."

कोर्टात टायपिंगचा आवाज चालू होता तो थांबला. बाई स्वतःही थांबली. आपण काय बोललो ते तिला उशिरा कळलं. तिनं पदर पुन्हा पुढे ओढला.

"माँजी," मॅडम हळू आवाजात म्हणाल्या, "बहू गोटा करती थी?"

पदराच्या आतून आवाज आला. "दस साल. रात-दिन करी साब. ईं घर की छत उसी की है. मैं तो झूठ बोली. लोग कांई कहता?"

काका केव्हाच खाली बसले होते. त्यांनी चष्मा काढला होता आणि तो पुसायचं सोडून नुसता हातात धरला होता.

बाहेर आलो तर व्हरांड्यात तो पिकअपवाला एकटाच बसलेला. पंचविशीचा असेल. काका त्याच्याकडे गेले, दोन चहा मागवले, एक त्याच्या हातात दिला. मला ते तेव्हा अजिबात आवडलं नाही. "लाइसेंस बनवा लिया?" काकांनी विचारलं. तो खाली बघून म्हणाला, "बनवा लिया, बाबूजी." "दिखाओ." त्यानं दाखवलं. काकांनी ते हातभर लांब धरून वाचलं, उलटून वाचलं आणि परत दिलं.

निकाल लागायला पुढे आणखी काही महिने गेले. घरकाम आणि गोटा, दोन्ही धरलं गेलं. टपरीवाल्याला आणि एका ठेकेदाराला मॅडमनी नंतर स्वतःच बोलावून घेतलं होतं. आता तर म्हातारीचीच मुभा होती. कंपनीनं आधी द्यावं आणि पिकअपवाल्याकडून वसूल करावं, असं ठरलं. मुलांचा वाटा त्यांच्या नावानं बँकेत. कच्चा हिशेब आम्ही दोघं निकालाआधीच मांडायला बसलो होतो. अशा हिशेबात एक पायरी येते. माणूस जगला असता तर स्वतःवर काही खर्च केलाच असता, म्हणून कमाईतून तो भाग वजा करतात. मागे चार माणसं अवलंबून असतील तर चौथा हिस्सा. या पायरीशी आलं की काका नेहमी पेन खाली ठेवून पाणी प्यायचे. त्या दिवशीही प्याले. "हिनं सोतावर चौथा हिस्सा खर्च केला असता," ते म्हणाले, "तर आधी चष्मा घेतला असता." आणि मग निमूटपणे वजाबाकी केली, कारण कायदा तसा होता.

निकालाची प्रत घ्यायला म्हातारी आणि तिचा मुलगा जवाहर नगरात आले. मुलगा रकमेचं पान बघत होता. म्हातारीनं तिकडे ढुंकूनही पाहिलं नाही. तिची भीती वेगळीच होती. तिनं काकांना विचारलं, यात बहूचं काय लिहिलंय? काकांनी पान शोधलं, बोट ठेवलं आणि वाचलं, 'श्रीमती संतोष देवी, गृहिणी एवं गोटा-कारीगर.'

"फेर सूं बाँचो," म्हातारी म्हणाली. पुन्हा वाचा. काकांनी वाचलं. तिनं तिसऱ्यांदाही वाचायला लावलं. मग ज्या ओळीवर काकांचं बोट होतं तिथं तिनं आपलं बोट ठेवलं. तिला वाचता येत नव्हतं. "कारीगर," ती म्हणाली, आणि पदर मागे घेतला. इतक्या महिन्यांत तिचा पूर्ण चेहरा मी तेव्हा पहिल्यांदा पाहिला. जाताना काका दारापर्यंत गेले आणि ममताची शाळा कधी सुरू होते ते विचारून घेतलं. नुसतं विचारून ते थांबणार नव्हतेच. जुलैमध्ये ते स्कूटर घेऊन चौमूंपर्यंत गेले, तिच्या नावापुढची हजेरी स्वतः बघून आले. एवढ्या दूर! काकूंनी त्यांना अख्खा आठवडा शिव्या घातल्या.

काकांनी माझं कौतुक कधी केलं नाही. मी एखादा मसुदा चांगला केला तर त्यात एक चूक शोधून काढायचे आणि ती नाही सापडली तर म्हणायचे, "पोरी, तुझं लायसन कधी संपतंय?" हे कौतुक असतं हे कळायला मला दोन वर्षं लागली.

गेल्या थंडीत ते गेले. दुपारचं जेवून गच्चीवर उन्हात खुर्ची टाकून बसले होते, ते उठलेच नाहीत. काकू रडता रडता म्हणाल्या, "घरी गेले गं. रस्त्यावर नाही गेले. त्याचंच समाधान वाटलं असेल त्यांना." इकडे तिसऱ्या दिवशी शोकाची बैठक असते. त्या बैठकीला आमच्या गल्लीत चपला ठेवायला जागा उरली नाही. बहुतेक चेहरे मी फायलींवरून ओळखत होते. रामस्वरूपजींचा मुलगा, विमलाजींच्या दोघी बहिणी. एक पंचविशीचा माणूस अंगणात सगळ्यांना पाणी देत फिरत होता. तो पिकअपवाला होता.

म्हातारीला उशिरा कळलं. ती बाराव्या दिवशी आली, ममताला घेऊन. काकूंजवळ बसली, रडली. मग उठून हॉलमध्ये आली. मी तिथं फायलींच्या ढिगात बसले होते. चाळीसेक दावे बाकी होते आणि त्यांचं काय करायचं ते ठरत नव्हतं. कोर्टातले दोन वकील येऊन गेले होते, सगळं आमच्याकडे द्या म्हणून. नवरा म्हणत होता, तुला एकटीला झेपणार नाही. मलाही तसंच वाटत होतं. काकांच्या खुर्चीत मी बसले नव्हते, शेजारी स्टूल घेतलं होतं.

म्हातारीनं हॉलभर नजर फिरवली. खिळ्याला हेल्मेट होतं. टेबलावर चष्मा होता. संतोषजींची फाइल मी नुकतीच उघडली होती आणि पहिल्या पानाला टाचणीनं लावलेला गोटा तिला दिसला. तिनं तो बोटानं चाचपला आणि ओळखला. कुठून आला ते विचारलं नाही. काकांना सुरुवातीपासून सगळं माहीत होतं, हे तिला तेव्हा कळलं असावं. मग रिकाम्या खुर्चीकडे हात करून तिनं मला विचारलं,

"अब यो काम कुण करै छै?"

मी दाराकडे पाहिलं. ममता दारात दप्तर लावून उभी होती. शाळेतून तशीच आली होती.

"छोरी करै छै, माँजी," मी म्हणाले.

तिनं मान हलवली. माझी हनुवटी धरून चेहरा खिडकीच्या उजेडाकडे वळवला, माझ्या चष्म्यातून आत बराच वेळ बघितलं, आणि म्हणाली,

"आँख संभाळजे."